‘कोटी’ कशाची आणि कोणत्या क्रियेखाली: गटसिद्धांतातला एक शब्द नेमकेपणाने वापरण्याविषयी

दांडिया बाजारातल्या आमच्या घरी गणित शिकायला येणाऱ्या बी.एस्सी.च्या एका विद्यार्थ्याच्या वहीत परवा एक वाक्य सापडले: ‘या समूहाची कक्षा आठ आहे.’ घरी मराठी, बारावीपर्यंत गुजराती माध्यम आणि आता महाराजा सयाजीराव विद्यापीठात, जिथे शिकवण्याची भाषा इंग्रजी आहे, शेवटच्या वर्षाचा अभ्यास, अशा वाटेने आलेल्या मुलाने बडोद्यात असे वाक्य लिहावे यात नवल नाही. गुजराती पाठ्यपुस्तकांत मॅट्रिक्सच्या आणि विकल समीकरणाच्या ‘ऑर्डर’ला कक्षा म्हणतात, हिंदी पुस्तकांत त्याच अर्थी ‘कोटि’ येते आणि मराठीत ‘कोटी’. मात्र मराठीत कक्षा म्हटले की ग्रहाची फिरण्याची वाट डोळ्यांपुढे येते, आणि गटसिद्धांतात ‘ऑर्बिट’ नावाची वेगळीच संकल्पना असल्यामुळे कक्षा हा शब्द तिच्यासाठी राखून ठेवणे भाग आहे. समूहालाही इथे आपण गट म्हणतो. तेव्हा ते वाक्य ‘या गटाची कोटी ८ आहे’ असे हवे होते.

शब्द बदलला तरी काम अर्धेच होते. अमूर्त बीजगणितात ‘ऑर्डर’ हा एकच इंग्रजी शब्द निदान पाच ठिकाणी येतो, त्यांतल्या दोन ठिकाणचे अर्थ एकमेकांच्या इतके जवळ आहेत की गफलत होतेच, आणि बाकीच्यांपैकी काही ठिकाणी तो मराठीत आणताना कोटी हा शब्द चालतच नाही. हा शब्द कुठे, कसा आणि कशाला जोडून वापरावा, एवढाच या लेखाचा विषय आहे. गट, उपगट, घटक, अविकारक, व्यस्त, क्षेत्र (फील्ड) आणि वलय (रिंग) या संज्ञा वाचकाला ठाऊक आहेत असे धरले आहे.

आधी कोटी आणि क्रम वेगळे करावेत

इंग्रजीत ज्या दोन कल्पनांना एकच शब्द आहे त्यांना मराठीत दोन शब्द मिळाले आहेत, आणि ही सोय वाया घालवू नये. ‘किती घटक आहेत’ किंवा ‘कितव्या खेपेला परत येतो’ या प्रश्नांचे उत्तर कोटी असते. ‘आधी कोण, नंतर कोण’ किंवा ‘लहान कोण, मोठे कोण’ या प्रश्नांचे उत्तर क्रम असते. म्हणून क्रमित जोडी, क्रमित क्षेत्र, अंशतः क्रमित संच आणि क्रमनिरपेक्ष क्रिया या सगळ्यांत क्रम आहे. गटाची कोटी, घटकाची कोटी आणि सांत क्षेत्राची कोटी यांत क्रमाचा काही संबंध नाही. वास्तव संख्यांचे क्षेत्र क्रमित आहे आणि त्याची कोटी अनंत आहे, ही दोन स्वतंत्र विधाने आहेत. उलट सांत क्षेत्राला कोटी असते, पण त्याला क्रमित क्षेत्र कधीच करता येत नाही, कारण क्रमित क्षेत्रात १, १+१, १+१+१ ही माळ सतत मोठी होत जायला हवी आणि सांत क्षेत्रात ती कधी ना कधी शून्यावर येऊन पडते.

कोटी हा शब्द मराठीत आधीच बराच कामात अडकलेला आहे. शंभर लाखांची कोटी होते, शब्दांवर कोटी केली जाते आणि गवई उच्च कोटीचा असतो. त्यामुळे ‘सहा कोटीचा गट’ असे लिहिले की वाचकाला प्रथम सहावर सात शून्ये दिसतात. मी विद्यार्थ्यांना ‘कोटी ६ असलेला गट’ किंवा ‘ज्याची कोटी ६ आहे असा घटक’ अशी रचना करायला लावतो. कोटी आधी आणि आकडा नंतर, एवढी एक सवय लावून घेतली की हा घोटाळा संपतो. दोन शब्द जास्त लागतात, लागू द्यावेत.

गटाची कोटी आणि घटकाची कोटी

गटाची कोटी म्हणजे त्यातल्या घटकांची संख्या. यात समजून घेण्यासारखे फारसे काही नाही. घटक मोजता येण्याइतके असतील तर कोटी सांत, नाहीतर अनंत.

घटकाची कोटी ही वेगळी गोष्ट आहे. गटातला एखादा घटक घेऊन तोच पुन्हा पुन्हा गटाच्या क्रियेने स्वतःशी जोडत गेल्यास ज्या लहानात लहान धन खेपेला अविकारक मिळतो, ती खेप म्हणजे त्या घटकाची कोटी. अशी खेप कधीच येत नसेल तर कोटी अनंत आहे असे म्हणतात.

हे डोळ्यांना दिसावे म्हणून आपल्या जुन्या शहराचा नकाशा पुरेसा आहे. मध्यभागी मांडवी, प्रत्येक बाजूला तीन-तीन कमानी असलेला चौरस मंडप. आणि तिथून चार दिशांना चार दरवाजे: पश्चिमेला लहेरीपुरा, उत्तरेला चांपानेर, पूर्वेला पाणीगेट आणि दक्षिणेला गेंडीगेट. रस्ते प्रत्यक्षात फूटपट्टीने आखल्यासारखे नाहीत, पण कागदावर हा चौरस आदर्श मानावा आणि त्याला घड्याळाच्या काट्याच्या दिशेने पाव फेरा द्यावा. लहेरीपुरा चांपानेरच्या जागी जातो, चांपानेर पाणीगेटच्या, पाणीगेट गेंडीगेटच्या आणि गेंडीगेट लहेरीपुऱ्याच्या. हीच क्रिया चार वेळा केली की प्रत्येक दरवाजा आपल्या जागी परत येतो आणि चारपेक्षा कमी खेपांत तसे होत नाही, म्हणून पाव फेऱ्याची कोटी ४. अर्ध्या फेऱ्याची कोटी २. जागचे न हलणे हा अविकारक, त्याची कोटी १. कोटी १ असलेला दुसरा कोणताही घटक कुठल्याच गटात नसतो.

चौरसाच्या सममितींत फेऱ्यांखेरीज चार परावर्तने येतात: पूर्व-पश्चिम अदलाबदल, उत्तर-दक्षिण अदलाबदल आणि दोन कर्णांभोवतीची. प्रत्येक परावर्तन दोनदा केले की मूळ स्थिती येते, म्हणून त्यांची कोटी प्रत्येकी २. एकूण आठ सममिती झाल्या, तेव्हा गटाची कोटी ८. पण घटकांच्या कोट्या पाहाव्यात: कोटी १ असलेला एक, कोटी २ असलेले पाच आणि कोटी ४ असलेले दोन. कोटी ८ असलेला घटक या गटात एकही नाही. ‘गटाची कोटी आठ आहे, म्हणजे त्यात कोटी आठ असलेला घटक असेलच’ ही समजूत इथेच सोडावी. तसा घटक असला तर तो एकटाच सगळा गट निर्माण करतो आणि तो गट चक्रीय ठरतो. मांडवीचा गट चक्रीय नाही.

आता त्या विद्यार्थ्याची कक्षा. लहेरीपुरा दरवाजा या आठ सममितींनी कुठे कुठे जाऊ शकतो? चारही जागी. म्हणजे त्याच्या कक्षेत चार दरवाजे आहेत. आणि लहेरीपुऱ्याला जागचे न हलवणाऱ्या सममिती दोनच: अविकारक आणि उत्तर-दक्षिण अदलाबदल. चार गुणिले दोन बरोबर आठ. कक्षेचा आकार आणि स्थिर ठेवणाऱ्या उपगटाची कोटी यांचा गुणाकार गटाच्या कोटीइतका असतो, हे प्रमेय एका वाक्यात लिहितानाच कक्षा आणि कोटी हे दोन्ही शब्द लागतात; दोन्हीकडे एकच शब्द घातला तर वाक्याला अर्थच उरत नाही. हे दाखवल्यावर विद्यार्थी म्हणाला, “काका, मग शाळेत आम्हाला कक्षा का शिकवली?” शाळेत ऑर्बिट नव्हते, म्हणून चालून गेले.

गटाची कोटी आणि घटकाची कोटी यांना एकच नाव का, याचेही कारण आहे. घटकाने निर्माण केलेल्या चक्रीय उपगटात त्या घटकाच्या कोटीइतकेच घटक असतात. पाव फेऱ्याने निर्माण होणाऱ्या उपगटात अविकारक, पाव, अर्धा आणि पाऊण फेरा असे चार घटक आहेत. म्हणून घटकाची कोटी म्हणजे त्याच्या चक्रीय उपगटाची कोटी, असेही म्हणता येते, आणि अनंत कोटीच्या बाबतीतही ही व्याख्या जशीच्या तशी लागू पडते.

क्रिया कोणती, हे सांगितल्याशिवाय कोटी सांगू नये

एम.एस्सी.च्या तोंडी परीक्षेत मला विचारले गेले होते: ‘मॉड्युलो १२ मध्ये ५ ची कोटी किती?’ मी बारा म्हणालो. परीक्षकांनी मान हलवली आणि पुढच्याला बोलावले. मॉड्युलो १२ म्हणजे बाराने भागून उरणाऱ्या बाक्यांचे गणित; त्यांच्या मनात गुणाकार होता आणि माझ्या मनात बेरीज. बेरजेने पाहिले तर ५, १०, ३, ८ असे करत ५ बाराव्या खेपेला शून्यावर येतो; गुणाकाराने पाहिले तर ५ × ५ = २५, म्हणजे १, आणि कोटी २. दोन्ही उत्तरे आपापल्या गटात बरोबर होती. त्यातून लागलेली सवय अशी की कोटी लिहिताना मी गट आणि क्रिया दोन्ही लिहितो, वाचकाला ते उघड वाटत असले तरीही.

बेरजेच्या गटात कोटी काढणे सोपे आहे. मॉड्युलो न च्या गटात क या घटकाची कोटी काढण्यासाठी न ला न आणि क यांच्या मसाविने भागावे. समजा औषधाची गोळी दर नऊ तासांनी घ्यायची आहे आणि पहिली सकाळी सहाला घेतली. मग वेळा येतील १५, ०, ९, १८, ३, १२, २१ आणि पुन्हा ६. चोवीस आणि नऊ यांचा मसावि ३, म्हणून चोवीस तासांच्या घड्याळात ९ ची कोटी ८. आठ गोळ्यांनी, म्हणजे ७२ तासांनी, गोळी पुन्हा सकाळी सहाला येते. गुणाकाराच्या भाषेत हेच सूत्र असे होते: अ ची कोटी न असेल तर अ च्या क-व्या घाताची कोटी म्हणजे न भागिले न आणि क यांचा मसावि.

गुणाकाराच्या गटात मात्र आधी हा घटक गटात आहे का हे तपासावे लागते. मॉड्युलो १२ मध्ये ३ ला व्यस्त नाही, म्हणून त्याची गुणाकाराची कोटी विचारणेच चूक आहे. ‘३ ची कोटी अनंत आहे’ असे उत्तरपत्रिकेत दिसते, तेही चूकच. मॉड्युलोशी सहमूळ असलेल्या संख्यांनाच ती कोटी असते.

ज्याला गटसिद्धांत रुक्ष वाटतो त्याला मी इथे पाटीवर भागाकार करायला लावतो. एक भागिले सात केले की ०.१४२८५७ हे सहा अंक पुन्हा पुन्हा येत राहतात. सहाच का? भागाकाराच्या प्रत्येक पायरीवर बाकीला दहाने गुणून सातने भागायचे असते, म्हणजे मॉड्युलो ७ मध्ये १० चे घात काढायचे असतात: १०, १००, १००० यांच्या बाक्या ३, २, ६ आणि पुढे ४, ५, १. सहाव्या घाताला बाकी १ आली आणि चक्र पुन्हा सुरू झाले. मॉड्युलो ७ मध्ये १० ची गुणाकाराची कोटी ६ आहे, तेवढीच आवर्ती अंकांची लांबी. मॉड्युलो ११ मध्ये १० ची कोटी २, म्हणून १/११ = ०.०९०९…; मॉड्युलो ३७ मध्ये कोटी ३, म्हणून १/३७ = ०.०२७०२७…, आणि मॉड्युलो १७ मध्ये कोटी १६, म्हणून एक भागिले सतराचे अंक सोळा घरे चालतात. संख्यासिद्धांतात ‘मॉड्युलो न मध्ये अ ची कोटी’ असे म्हटले जाते तेव्हा बहुधा हीच गुणाकाराची कोटी अभिप्रेत असते, पण ‘बहुधा’वर विसंबू नये.

‘लहानात लहान’ हे दोन शब्द गाळू नयेत

सर्वांत जास्त गुण याच ठिकाणी जातात. ‘अ चा बारावा घात अविकारक आहे, म्हणून अ ची कोटी १२’ हे अनुमान चुकीचे आहे. एवढ्या माहितीवरून फक्त इतके म्हणता येते की अ च्या कोटीने १२ ला निःशेष भाग जातो. ती १, २, ३, ४, ६ किंवा १२ यांपैकी काहीही असू शकते. कारण सरळ आहे. कोटीने १२ ला भागून काही बाकी उरली असती, तर बाकीइतक्या घातालाही अविकारक मिळाला असता, आणि बाकी तर कोटीपेक्षा लहान. मग कोटी लहानात लहान राहिलीच नसती.

याच गोष्टीवर कोटी काढण्याची रीत उभी आहे. गटाची कोटी सांत असेल तर लाग्रांजच्या प्रमेयानुसार घटकाच्या कोटीने गटाच्या कोटीला निःशेष भाग जातो. म्हणून गटाची कोटी घ्यावी, तिचे मूळ अवयव पाडावेत आणि एकेका मूळ अवयवाने ती भागून पाहावी: भागलेल्या घातालाही अविकारक मिळत असेल तर तो अवयव काढून टाकावा आणि पुन्हा भागून पाहावे, मिळत नसेल तर तो ठेवावा आणि पुढच्या अवयवाकडे जावे. सगळे अवयव तपासून झाल्यावर जे उरते ती कोटी.

उदाहरण मॉड्युलो १०१ चे घेऊ. १०१ मूळ संख्या असल्याने गुणाकाराच्या गटाची कोटी १००, म्हणजे २ × २ × ५ × ५. प्रथम २ या घटकाची कोटी पाहू. २ चा दहावा घात १०२४, बाकी १४. त्याचा वर्ग १९६, म्हणजे विसाव्या घाताची बाकी ९५, ती −६ अशी लिहिणे सोयीचे. विसाव्या घाताला १ आला नाही, तेव्हा ५ हा अवयव काढता येत नाही. पन्नासावा घात म्हणजे −६ × −६ × १४ = ५०४, बाकी −१. इथेही १ नाही, तेव्हा २ हा अवयवही काढता येत नाही. म्हणून २ ची कोटी १००, आणि ती ठरवायला शंभर घात काढावे लागले नाहीत, दोनच तपासण्या पुरल्या. आता त्याच गटात १० घ्या. १० चा वर्ग १००, म्हणजे −१. पन्नासावा घात −१ चा पंचविसावा घात, तो −१. म्हणून १०० मधून २ काढता येत नाही. विसावा घात १. म्हणून एक ५ गेला, उरले २०. वीस भागिले पाच चार, आणि चौथा घातही १. दुसरा ५ गेला, उरले ४. दुसरा घात −१, तेव्हा इथे थांबावे. १० ची कोटी ४, आणि १/१०१ = ०.००९९००९९… हा भागाकार त्याची साक्ष देतो. एकाच गटात एकाची कोटी १०० आणि दुसऱ्याची ४.

लाग्रांज यांच्या काळी गटाची व्याख्या अस्तित्वात नव्हती. १७७०–७१ मध्ये ते समीकरणांचा विचार करताना बहुपदीतल्या चलांची अदलाबदल केली तर तिची किती वेगवेगळी रूपे मिळतात हे मोजत होते, आणि ती संख्या एकूण अदलाबदलींच्या संख्येला निःशेष भागते असे त्यांना दिसले. आजचे विधान पुढच्या पिढ्यांनी त्यावरून घडवले. ते सरळ वापरावे, उलटे वापरू नये. गटाच्या कोटीला ६ ने भाग जातो म्हणून कोटी ६ असलेला उपगट असेलच असे नाही: चार वस्तूंच्या सम क्रमचयांच्या, म्हणजे जोडीजोडीने सम वेळा अदलाबदल करून मिळणाऱ्या मांडण्यांच्या, गटाची कोटी १२ आहे आणि त्यात कोटी ६ असलेला उपगट नाही. विभाजक मूळ संख्या असेल तर मात्र तेवढ्या कोटीचा घटक नक्की सापडतो. हे कोशी यांनी १८४५ साली दाखवले. मूळ संख्येच्या घाताइतक्या कोटीचे उपगट असतात हे सिलो यांनी १८७२ साली सिद्ध केले, पण तिथे उपगटाची हमी आहे, घटकाची नाही. कोटी ४ असलेले दोन गट आहेत, एक चक्रीय आणि दुसरा ज्यात अविकारकाखेरीज सगळ्यांची कोटी २. या दुसऱ्या गटात कोटी ४ असलेला घटक शोधत बसणारे दरवर्षी भेटतात.

दोन घटकांच्या गुणाकाराची कोटी

अ ची कोटी म आणि ब ची कोटी न, तर अब ची कोटी किती? या प्रश्नाला ‘म आणि न यांचा लसावि’ हे उत्तर इतक्या सहजपणे दिले जाते की ते चूक असू शकते हे पटवायलाच वेळ लागतो. अ आणि ब यांचा गुणाकार क्रमनिरपेक्ष असेल आणि म, न सहमूळ असतील, तर कोटी म × न. गुणाकार क्रमनिरपेक्ष आहे पण म, न सहमूळ नाहीत, तर कोटीने लसाविला भाग जातो एवढेच म्हणता येते; ब हा अ चा व्यस्त असेल तर अब अविकारकच होतो आणि कोटी १ वर येते.

गुणाकार क्रमनिरपेक्ष नसेल तर काहीही घडू शकते, आणि हे मांडवीवरच पाहावे. प्रथम पाणीगेट आणि लहेरीपुरा यांची अदलाबदल करावी, नंतर कर्णाभोवतीची, म्हणजे लहेरीपुऱ्याच्या जागी जे असेल ते चांपानेरच्या जागी आणि उलट, तसेच पाणीगेट आणि गेंडीगेट यांच्या जागांचे. लहेरीपुरा आधी पूर्वेला गेला आणि मग दक्षिणेला. गेंडीगेट दक्षिणेहून पूर्वेला. पाणीगेट पश्चिमेला जाऊन उत्तरेला. चांपानेर उत्तरेहून पश्चिमेला. हा उलट दिशेचा पाव फेरा झाला, कोटी ४. कोटी २ असलेल्या दोन घटकांचा गुणाकार कोटी ४ झाला. संख्यारेषेवर तर याहून पुढची गोष्ट दिसते: शून्याभोवती परावर्तन आणि एक द्वितीयांशाभोवती परावर्तन, दोघांचीही कोटी २, पण एकापाठोपाठ एक केल्यास प्रत्येक संख्या एक घर सरकते, आणि ही सरकण्याची क्रिया कितीही वेळा केली तरी मूळ जागी येत नाही. कोटी अनंत.

लसावि जिथे निश्चित बरोबर येतो ती जागा म्हणजे एकमेकांना न छेदणाऱ्या चक्रांत मोडलेला क्रमचय. नवरात्रात गरब्याच्या मैदानात एकात एक अशी तीन वर्तुळे आहेत अशी कल्पना करावी: आतल्यात ८ जण, मधल्यात १२ आणि बाहेरच्यात १५. दर तालाला प्रत्येक जण आपल्या वर्तुळात एक जागा पुढे जातो. सगळे एकाच वेळी आपापल्या मूळ जागी केव्हा येतील? ८, १२ आणि १५ यांचा लसावि १२०, म्हणजे एकशे विसाव्या तालाला. माणसे पस्तीसच आणि क्रमचयाची कोटी १२०, हे ऐकून विद्यार्थी बिचकतात, कारण कोटी ‘वस्तूंच्या संख्येपेक्षा’ मोठी कशी, असे त्यांना वाटते. हा क्रमचय ज्या गटातला आहे त्यात पस्तीस घटक नाहीत, पस्तीस जणांच्या सगळ्या मांडण्यांइतके घटक आहेत; कोटीची तुलना करायची तर त्या संख्येशी करावी.

अनंताविषयी थोडेसे

गटाची कोटी अनंत असेल तर घटकांची कोटीही अनंत असते असे नाही. एककाची सगळी मुळे घेतली, म्हणजे ज्यांचा कोणता तरी घात १ होतो अशा सगळ्या संमिश्र संख्या, तर गुणाकाराखाली तो अनंत गट होतो आणि त्यातल्या प्रत्येक घटकाची कोटी सांत आहे. काही जुन्या पुस्तकांत अनंत कोटीच्या घटकाला ‘कोटी शून्य’ म्हटलेले आढळते. वाचताना ओळखावे, लिहिताना टाळावे.

क्षेत्रे, वलये आणि डी आठ

सांत क्षेत्राची कोटी म्हणजे त्यातल्या घटकांची संख्या, शून्य धरून. ही कोटी नेहमी मूळ संख्येचा घात असते, म्हणून कोटी ४, ८ किंवा ९ असलेली क्षेत्रे आहेत आणि कोटी ६ असलेले क्षेत्र नाही. गाल्वा यांनी १८३० साली ही क्षेत्रे मांडली. कोटी ४ असलेल्या क्षेत्राविषयी बोलताना तीन वेगळे आकडे हाताशी असतात: क्षेत्राची कोटी ४, बेरजेखाली प्रत्येक शून्येतर घटकाची कोटी २, गुणाकाराच्या गटाची कोटी ३, कारण शून्य त्यात येत नाही. १ ची बेरजेखालची कोटी हीच क्षेत्राची कॅरॅक्टरिस्टिक, इथे २. ‘या क्षेत्राची कोटी २ आहे’ असे कॅरॅक्टरिस्टिकच्या अर्थाने लिहिणे ही चूक मी चांगल्या विद्यार्थ्यांच्याही वहीत पाहिली आहे. आणि कोटी ४ असलेले क्षेत्र म्हणजे मॉड्युलो ४ चे वलय नव्हे; त्या वलयात २ × २ = ०, क्षेत्रात असे कधी होत नाही.

चौरसाच्या सममितींच्या गटाला काही पुस्तके बाजूंच्या संख्येवरून ‘डी चार’ म्हणतात आणि काही पुस्तके गटाच्या कोटीवरून ‘डी आठ’. दोन्ही पद्धती प्रचारात आहेत, त्यामुळे ‘डी सहा’ हे एका पुस्तकात षट्कोनाचे, कोटी १२ असलेले नाव असते आणि दुसऱ्यात त्रिकोणाचे, कोटी ६ असलेले. नवे पुस्तक उघडल्यावर पहिल्या उदाहरणातले घटक मोजून घ्यावेत. उत्तरपत्रिकेत ‘चौरसाच्या सममितींचा गट, कोटी ८’ असे एकदा लिहून मग कोणतेही चिन्ह वापरावे.

शेवटी एक जागा अशी आहे जिथे कोटी आणि क्रम दोन्ही शब्द लागू पडत नाहीत. बैजिक संख्यासिद्धांतात ‘ऑर्डर’ म्हणजे संख्याक्षेत्रातले एका विशिष्ट प्रकारचे उपवलय. तिथे हा शब्द जर्मन ‘ओर्डनुंग’वरून आला आहे आणि तो मोजमाप दाखवत नाही, वस्तूच दाखवतो. पूर्णांक अ आणि ब घेऊन अ + ब√−३ या रूपाच्या संख्यांचे वलय ही अशी एक ऑर्डर आहे, आणि (१ + √−३)/२ ही संख्या तिच्यात घातली की त्या क्षेत्रातली सर्वांत मोठी ऑर्डर मिळते. मराठीत लिहिताना मी इथे ‘ऑर्डर’ हाच शब्द देवनागरीत ठेवतो, स्त्रीलिंगी चालवतो आणि पहिल्या उल्लेखाला ‘ऑर्डर नावाचे उपवलय’ असे लिहितो, म्हणजे वाचक तिच्यातले घटक मोजायला निघत नाही.